ती पत्रकं कोणी छापली?

या महिन्याच्या टपालात तीन पत्रं अशी निघाली की एकाचं उत्तर लिहायला घेतलं तर दुसऱ्याचंही आपसूक येत होतं. म्हणून बाकीची पुढच्या अंकावर ठेवून ही तीनच घेते.

प्रश्न : ताई, मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. आठ मार्चच्या कार्यक्रमात मी रोझा पार्क्स यांच्याबद्दल बोलले. दिवसभर शिवणकाम करून दमलेली एक बाई गोऱ्या प्रवाशासाठी बसमधल्या जागेवरून उठली नाही आणि त्यातून अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचा लढा पेटला, असं मुलांना सांगितलं. नंतर एक सहकारी म्हणाले की बहिष्काराची पत्रकं दुसऱ्याच बाईने काढली होती आणि रोझाबाईंच्या आधीही एका मुलीला अटक झाली होती. मी मुलांना चुकीचं सांगितलं का?
– एक शिक्षिका, यवतमाळ जिल्हा

उत्तर : चुकीचं नाही, अर्धं सांगितलंत. उरलेलं अर्धं आता सांगा, मुलं ऐकतील.

आधी रोझाबाईंबद्दल. अलाबामा राज्यातल्या मॉन्टगोमेरी शहरात एनएएसीपी ही कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणारी जुनी संघटना होती. तिच्या शाखेच्या त्या बरीच वर्षं सचिव होत्या. अटकेच्या आधीच्या उन्हाळ्यात टेनेसीतल्या हायलँडर या कार्यकर्ते घडवणाऱ्या शिबिरशाळेत जाऊन आल्या होत्या. पुढे त्यांनी स्वतःच लिहिलं की त्या संध्याकाळी अंग दमलेलं नव्हतं, दरवेळी मान तुकवण्याचा वीट आला होता. दमलेल्या बाईची लोकांना दया येते, म्हणून ते चित्र टिकलं. शाखेचं दप्तर सांभाळणारी बाई त्या चित्रात बसत नाही.

आता पत्रकांची गोष्ट. १ डिसेंबर १९५५, गुरुवार. त्या रात्री अटकेची बातमी जो अ‍ॅन रॉबिन्सन यांच्या कानावर आली. त्या अलाबामा स्टेट कॉलेजमध्ये इंग्रजी शिकवत. 'विमेन्स पोलिटिकल कौन्सिल' ही शहरातल्या शिकलेल्या कृष्णवर्णीय स्त्रियांची संघटना १९४६ पासून होती आणि रॉबिन्सन तेव्हा तिच्या अध्यक्ष होत्या. १९४९ च्या नाताळात त्या सुटीला निघाल्या असताना जवळजवळ रिकाम्या बसमध्ये गोऱ्यांसाठी राखलेल्या पुढच्या भागात बसल्या, तर ड्रायव्हर हात उगारून अंगावर आला होता. रडत खाली उतरल्या होत्या त्या. मे १९५४ मध्ये त्यांनी महापौरांना रीतसर पत्र लिहिलं की वागणूक सुधारली नाही तर बसवर बहिष्कार टाकायचं पंचवीसेक संघटनांमध्ये बोललं जातंय. म्हणजे रोझाबाईंना अटक झाली त्याच्या दीड वर्ष आधी तयारीचं बोलणं कागदावर आलेलं होतं.

त्या गुरुवारी रात्री रॉबिन्सनबाई एका सहकारी प्राध्यापकाला आणि दोन विद्यार्थ्यांना घेऊन कॉलेजात गेल्या आणि सायक्लोस्टाइल मशीन सुरू केलं.

तुमच्या पिढीने ते मशीन पाहिलं नसेल, म्हणून सांगते. आमच्या शाळेच्या चाचणी परीक्षांच्या प्रश्नपत्रिका मी वर्षानुवर्षं त्यावर काढल्या. टाइपरायटरची रिबीन बाजूला करून मेणाच्या स्टेन्सिलवर अक्षरं टोचायची. चुकलं तर बारीक ब्रशने करेक्शन फ्लुइड लावायचं आणि ते वाळेपर्यंत फुंकत बसायचं. मग स्टेन्सिल रोळावर ताणून चढवायची, जराशी सुरकुती पडली तरी ओळ फाटते. दोनशे प्रतींसाठी हँडल फिरवलं की खांदा भरून यायचा आणि नखातली शाई दोन दिवस निघत नसे. रॉबिन्सनबाईंनी एका कागदावर मजकूर तीनदा बसवला म्हणजे कागद वाचेल, आणि पहाटे चारपर्यंत हजारो पत्रकं छापून, कापून, गठ्ठे बांधून ठेवले. मजकूर साधा होता : आणखी एका बाईला जागेवरून उठली नाही म्हणून अटक झाली आहे, सोमवारी बसमध्ये बसू नका. सकाळी आठचा तास त्यांनी नेहमीप्रमाणे घेतला. मग त्या दोन विद्यार्थ्यांना गाडीत घालून शाळा, केशकर्तनालयं, ब्यूटी पार्लर, दुकानं, कारखाने असे गठ्ठे पोचवत फिरल्या. कोणत्या दारात कोण उभं राहून गठ्ठा घेईल हे रात्रीच ठरलेलं होतं. दुपारपर्यंत गावभर झालं.

डॉ. मार्टिन ल्यूथर किंग तेव्हा २६ वर्षांचे पाद्री होते, गावात नवखे. बहिष्कार चालवायला काढलेल्या संघटनेचं अध्यक्ष म्हणून त्यांना निवडलं गेलं सोमवारी, ५ डिसेंबरला दुपारी. त्या दिवशी सकाळपासून बसगाड्या रिकाम्या धावत होत्या.

मग रॉबिन्सनबाई पुढे का आल्या नाहीत? याचं उत्तर मुलांना नक्की सांगा, कारण सगळी गोम इथे आहे. कॉलेज सरकारी होतं. सरकार गोऱ्यांचं होतं. मशीन, कागद, पगार, सगळं त्यांच्या हातात. कॉलेजच्या प्राचार्यांनी बोलावून विचारलं तेव्हा बाईंनी कागदाचे पैसे संघटना भरेल असं सांगितलं आणि यापुढे जपून काम करू असं कबूल केलं. पाद्र्यांचं तसं नव्हतं. चर्चचं मानधन त्यांच्याच लोकांच्या खिशातून यायचं, गोरा मालक त्यांना कामावरून काढू शकत नव्हता. कोणाची चूल कोणाच्या पैशावर पेटते यावरून कोण माईकवर जाणार आणि कोण मशीनपाशी थांबणार हे ठरलं. पाद्री धाडसी नव्हते असं मी म्हणत नाही, किंग यांच्या घरावर बॉम्ब पडला. पण रॉबिन्सनबाईंच्या खिडकीवरही दगड आला आणि त्यांच्या गाडीवर अ‍ॅसिड ओतलं गेलं. १९६० मध्ये त्यांना कॉलेज सोडावं लागलं. पुढे त्या लॉस एंजेलिसला शाळेत शिकवत राहिल्या. त्यांच्या आठवणी पुस्तकरूपाने आल्या १९८७ मध्ये. तोवर बहिष्काराची गोष्ट जगभर सांगून झाली होती.

जॉर्जिया गिलमोर यांचंही सांगा. त्या एका खानावळीत स्वयंपाकीण होत्या. बहिष्कारावरच्या खटल्यात साक्ष दिली म्हणून नोकरी गेली. बहिष्कार ३८१ दिवस चालला. इतके दिवस लोकांना कामावर न्यायला-आणायला मोटारींची सोय केलेली होती, तिला पेट्रोल लागे, टायर लागत. गिलमोरबाईंनी शेजारणींना जमवून केक, 'पाय' हा भाजलेला गोड पदार्थ, चिकन सँडविच घरोघर करवून विकायला सुरुवात केली आणि जमलेला पैसा सभेत आणून द्यायच्या. या गटाचं नाव काय तर 'क्लब फ्रॉम नोव्हेअर', कुठूनच न आलेला क्लब. पैसे कुठून आले असं कोणी विचारलं तर 'कुठूनच नाही' हे उत्तर खरं ठरावं म्हणून. कारण केक करणाऱ्या बाया गोऱ्यांच्या घरी धुणी-भांडी, स्वयंपाक करत होत्या. कोणी किती केलं, कोणी किती दिलं, ते एकट्या गिलमोरबाईंना ठाऊक.

हे वाचलं की मला आमचं इंदोऱ्यातलं घर दिसतं. ऑक्टोबर १९५६, मी सहा वर्षांची. बाबासाहेबांच्या दीक्षेसाठी गावोगावची माणसं नागपुरात येत होती, कोणी रेल्वेने, कोणी पायी. आमच्या दोन खोल्यांत कुठल्या तरी खेड्यातली चौदा माणसं उतरली होती. आई आणि शेजारच्या काकू तीन दिवस चुलीसमोरून उठल्या नाहीत. पीठ संपलं की कुठून तरी पीठ यायचं. कोणी दिलं, आईने कधी सांगितलं नाही. मी मोठी झाल्यावर विचारलं तर म्हणाली, "आता काय आठवते मले." त्या सोहळ्याच्या जुळवाजुळवीसाठी झटलेल्या वामनराव गोडबोल्यांचं नाव नागपूरबाहेर किती जणांना सांगता येईल? आणि पीठ देणाऱ्या घराचं नाव तर माझ्यासकट कोणालाच नाही.

तुमच्या सहकाऱ्यांनी सांगितलेली मुलगी म्हणजे क्लॉडेट कोल्विन. वय १५, अटक २ मार्च १९५५. ती लहान होती, पुढे ती गरोदर राहिली, आणि पुढाऱ्यांना वाटलं की हिच्यासाठी गाव उभं राहणार नाही. मला हा निर्णय आजही बोचतो. पण बसमधला भेदभाव ज्या खटल्याने कायद्याने संपला, त्या ब्राउडर विरुद्ध गेल खटल्यात निकालापर्यंत टिकलेल्या फिर्यादी चार बाया होत्या : ऑरेलिया ब्राउडर, सूझी मॅक्डॉनल्ड, मेरी लुईस स्मिथ आणि हीच क्लॉडेट. रोझाबाई त्या खटल्यात नव्हत्या. ही चार नावं फळ्यावर लिहा.

प्रश्न : आमच्या नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजचा या अमेरिकन लढ्याशी संबंध होता असं एका निवृत्त प्राध्यापकांकडून ऐकलं. हे खरं की नुसता गावाभिमान?
– एक वाचक, धरमपेठ, नागपूर

उत्तर : खरं आहे. जेम्स लॉसन. कोरियन युद्धाच्या वेळी सैन्यभरतीला नकार देऊन तुरुंगात गेलेला तरुण. सुटल्यावर १९५३ मध्ये मेथडिस्ट मिशनतर्फे तो हिस्लॉपमध्ये आला आणि तीन वर्षं राहिला. मुलांना शिकवायचा, खेळांचा सराव घ्यायचा, आणि गांधीजींचा सत्याग्रह नेमका कसा चालला ते समजून घ्यायचा. मॉन्टगोमेरीच्या बहिष्काराची बातमी त्याने इथेच, 'नागपूर टाइम्स'मध्ये वाचली. म्हणजे रॉबिन्सनबाईंनी रात्रभर छापलेल्या पत्रकांमुळे जे घडलं, त्याची बातमी डिसेंबर १९५५ मध्ये आपल्या गावच्या छापखान्यातून त्याच्या हातात पडली. मी त्याच कॉलेजात तीन वर्षं शिकले, १९६८ ते ७१. एकाही तासाला कोणी हे सांगितलं नाही. कळलं ते निवृत्त झाल्यावर.

१९५६ मध्ये तो परत गेला. पुढच्या वर्षी किंग यांची भेट झाली, त्यांनी थांबू नकोस, दक्षिणेत ये, म्हटलं. लॉसन नॅशव्हिलला गेला, व्हँडरबिल्ट विद्यापीठात शिकू लागला आणि संध्याकाळी एका चर्चच्या तळघरात विद्यार्थ्यांची शिबिरं घेऊ लागला. तिथे काय करत? निम्मी मुलं खुर्च्यांवर गिऱ्हाईक म्हणून बसत, निम्मी गुंड होत. गुंड झालेली मुलं शिव्या देत, केस ओढत, तोंडावर सिगारेटचा धूर सोडत, खुर्चीवरून खाली ओढत. बसलेल्याने हात उचलायचा नाही. डोकं कसं झाकून घ्यायचं, शेजारच्यावर मार पडत असेल तर मध्ये कसं यायचं, हे पुन्हा पुन्हा करून अंगात मुरवायचं. मग १३ फेब्रुवारी १९६० ला ही मुलं दुकानांतल्या गोऱ्यांसाठी राखलेल्या जेवणाच्या काउंटरवर जाऊन बसली. ताठ बसा, तोंड काउंटरकडे ठेवा, अशा बारीक सूचना त्यांच्या खिशात लिहिलेल्या होत्या. १० मे रोजी नॅशव्हिलचे ते काउंटर सर्वांना खुले झाले. मधल्या काळात विद्यापीठाने लॉसनला काढून टाकलं होतं. त्याच विद्यापीठाने २००६ मध्ये त्यांना शिकवायला बोलावलं. जून २०२४ मध्ये, ९५ व्या वर्षी ते वारले. जॉन लुईस, डायान नॅश ही मोठी नावं त्या तळघरातून निघालेली.

तुमच्या त्या निवृत्त प्राध्यापकांना विचारा की लॉसन कोणत्या खोलीत राहत, कोणत्या मैदानावर सराव घेत. आठवत असेल तर तारखेसह लिहून घ्या. आमच्या वयाची माणसं आता फार दिवस नाहीत.

प्रश्न : मॅडम, जय भीम. मी वसतिगृहात राहून बी.ए. करते. आमची शिष्यवृत्ती दीड वर्ष अडकली होती, त्यासाठी आम्ही मुलामुलींनी समिती केली. २१७ जणांच्या याद्या मी केल्या, अर्ज मी लिहिले, कागदपत्रांच्या झेरॉक्स मी लावल्या, कार्यालयात नऊ चकरा मारल्या. पैसे जमा झाले. मग विजयाचा फ्लेक्स लागला, त्यावर चार मुलांचे फोटो. माझं नाव खालीसुद्धा नाही. बोलले तर म्हणाले, कार्यकर्त्याने नावाची हाव धरू नये. माझं वाईट वाटणं स्वार्थी आहे का?
– एक विद्यार्थिनी, अमरावती

उत्तर : जय भीम, बाळ. नाही. तुझं वाईट वाटणं रास्त आहे. आणि 'नावाची हाव' हे शब्द ज्यांचा फोटो फ्लेक्सवर आहे त्यांनीच तुला ऐकवावेत, हे मला सहन झालं नाही.

तुला सेप्टिमा क्लार्क यांची ओळख करून देते. जन्म १८९८, दक्षिण कॅरोलायनातलं चार्ल्सटन. जवळजवळ ४० वर्षं शिक्षिका. राज्याने कायदा केला की सरकारी नोकराने एनएएसीपीचं सभासद राहायचं नाही. बाईंनी सभासदत्व लपवायला नकार दिला. १९५६ मध्ये नोकरी गेली, पेन्शनही गेलं. त्या हायलँडरला गेल्या, जिथे आदल्या वर्षी रोझा पार्क्स त्यांच्याच शिबिरात येऊन गेल्या होत्या.

चार्ल्सटनजवळच्या जॉन्स बेटावर इसॉ जेन्किन्स नावाचे गृहस्थ कामगारांची बस चालवत. मतदार म्हणून नाव नोंदवायचं तर राज्यघटनेतला उतारा वाचून दाखवावा लागे, आणि वाचता कोणाला येत होतं? जेन्किन्स बसमध्येच उतारे शिकवायचे. त्यातून वर्ग काढायचं ठरलं. पुढे किराणा दुकान, मागच्या खोलीत वर्ग, म्हणजे गोऱ्यांना संशय येऊ नये. शिकवायला क्लार्कबाईंनी मुद्दाम शिक्षक घेतला नाही. बर्निस रॉबिन्सन या आपल्या नात्यातल्या बाईला घेतलं, ती पार्लर चालवायची. तिची सगळी गिऱ्हाइकं कृष्णवर्णीय, त्यामुळे तिला उपाशी मारणं कोणा गोऱ्याच्या हातात नव्हतं. पहिल्या पत्राच्या उत्तरात चुलीचं म्हटलं ते इथेही बघ. जानेवारी १९५७ मध्ये पहिला वर्ग भरला. मी काही तुमची शिक्षिका नाही, आपण एकमेकांकडून शिकू, असं बर्निसबाईंनी पहिल्याच दिवशी सांगितलं. मग विचारलं, तुम्हाला काय शिकायचंय? कोणाला सही करायची होती, कोणाला मनीऑर्डरचा फॉर्म भरायचा होता, कोणाला मुलाचं पत्र स्वतः वाचायचं होतं. पुठ्ठ्यावर नाव लिहून द्यायच्या आणि त्यावरून बोट, मग पेन्सिल फिरवायला लावायच्या. नांगर धरलेल्या हातात पेन्सिली मोडत.

मी हे डोळ्यांनी पाहिलंय. साक्षरता अभियानात एका खेड्यातल्या समाजमंदिरात रात्री वर्ग घ्यायचे. साठीच्या एका आजींनी पेन्सिल अशी मुठीत धरली की जणू विळाच. तीन पेन्सिली मोडल्या. चौथ्या दिवशी पाटीवर 'कौ' उमटलं, त्यांनी पाटी पदराने झाकून घेतली, कोणाला पाहू देईनात. आठवड्याने पूर्ण 'कौसल्या' लिहिलं आणि पाटी घरी घेऊन गेल्या, परत दिलीच नाही.

जॉन्स बेटावरच्या त्या एका वर्गातून पुढे दक्षिणेत शेकडो वर्ग निघाले. १९६१ मध्ये किंग यांच्या सदर्न ख्रिश्चन लीडरशिप कॉन्फरन्सने ते काम आपल्याकडे घेतलं आणि क्लार्कबाई तिथे गेल्या. आता तुझ्या प्रश्नाकडे येते. क्लार्कबाईंनी किंग यांना एकदा पत्र लिहिलं : प्रत्येक मोर्चाच्या पुढे तुम्हीच चालू नका, गावोगावच्या माणसांना पुढे चालू द्या. ते पत्र बैठकीत वाचलं गेलं आणि पुरुष मंडळी हसली. हे बाईंनी स्वतः सांगून ठेवलंय. त्या किंग यांना मानत होत्या आणि तरीही हे सांगत होत्या. दोन्ही एका माणसात असू शकतं. त्यांनी काम सोडलं नाही आणि तक्रारही गिळली नाही. १९७६ मध्ये राज्याने त्यांचं पेन्शन परत दिलं, तेव्हा त्या ७८ वर्षांच्या होत्या.

फ्लेक्सचं दुखणं तर फार जुनं. २८ ऑगस्ट १९६३ चा वॉशिंग्टनचा मोर्चा, अडीच लाख माणसं. त्याची सारी बांधणी बेयार्ड रस्टिन यांनी दोन महिन्यांत केली, आणि ते समलैंगिक असल्याचं कारण काढून त्यांना पुढे करू नका असं आपल्याच लोकांनी म्हटलं होतं. संयोजन समितीत एकच बाई, अ‍ॅना अर्नोल्ड हेजमन. वक्त्यांच्या यादीत एकही बाई नाही हे पाहून त्यांनी लेखी हरकत घेतली. शेवटी डेझी बेट्स यांना जेमतेम काही वाक्यं बोलायला मिळाली. हेजमनबाईंचा तो कागद आहे म्हणून आज आपल्याला हे ठाऊक आहे. तू बोललीस तशी लेखी हरकतही घे.

आणि एला बेकर. किंग यांच्या संघटनेचं कार्यालय १९५८ मध्ये अटलांटाला उभं केलं ते त्यांनी. सुरुवातीला टेबल नाही, फोन नाही, हॉटेलच्या खोलीतून आणि सार्वजनिक फोनवरून काम. कार्यकारी संचालकाचं सगळं काम केलं, पद मात्र कायम 'हंगामी'. १९६० च्या ईस्टरला काउंटरवर बसणाऱ्या विद्यार्थ्यांना त्यांनी रॅलेला, आपल्या जुन्या शॉ विद्यापीठात एकत्र आणलं. संघटनेने त्यासाठी ८०० डॉलर दिले होते आणि पुढाऱ्यांना वाटत होतं की ही मुलं आपली युवा शाखा होतील. बेकरबाई त्या बैठकीतून उठून गेल्या. मुलांचं मुलांना ठरवू द्या, एवढंच त्यांचं म्हणणं. त्यातून विद्यार्थ्यांची स्वतःची संघटना निघाली, स्निक. वय झालं होतं ५६, आणि विशी-बाविशीच्या पोरांच्या बैठकीत त्या मागे बसून प्रश्न विचारत, उत्तर देत नसत.

म्हणून तुला कामाचं सांगते. समितीच्या वहीत पहिल्या पानापासून लिही : तारीख, कोण कार्यालयात गेलं, कोणी कोणता अर्ज लिहिला, पोच क्रमांक काय. फ्लेक्स पावसाळ्यात फाटेल. पुढच्या बैठकीत सचिवपद माग, मागताना खाली बघू नकोस. आणि ज्या २१७ जणांची यादी तू एकटीने केलीस, त्यातल्या दोन धाकट्या मुली निवड. पुढचा अर्ज त्यांना लिहू दे, चुकू दे, तू फक्त विचार, इथे तारीख का नाही? बेकरबाई मागे बसायच्या त्या अशा. जाणूनबुजून मागे बसणं वेगळं आणि कोणी मागे लोटणं वेगळं. तुझ्याबाबतीत दुसरं झालंय, त्याला पहिल्याचं नाव कोणी देऊ लागलं तर देऊ देऊ नकोस.

त्या दोघींनी लिहिलेल्या पहिल्या अर्जाची झेरॉक्स मला पाठव. वरती तारीख आणि खाली दोघींची पूर्ण नावं असू दे.